विंचुर्णीचे अ‍ॅडमिरल आवटी : १९७१ मध्ये नेमकं काय केलं?

फलटणची_आई :
मुलगी नववीत आहे. शाळेत 'आपल्या तालुक्यातली माणसं' यावर पाच मिनिटं बोलायचंय. तिने व्हाइस अ‍ॅडमिरल मनोहर आवटी निवडलेत. वीरचक्र मिळालं एवढं सगळीकडे सापडतं, पण कशासाठी? ७१ आणि नौदल म्हटलं की जो तो कराचीवरचा हल्लाच सांगतो. ते कराचीला होते का? आमच्या घरात नौदलातलं कुणी नाही, त्यामुळे जरा सोपं करून सांगा.

रंकाळा७१ :
नाही, पूर्वेकडे होते, बंगालच्या उपसागरात. 'कामोर्ता' ही पाणबुड्या शोधणारी युद्धनौका त्यांच्या हाताखाली होती. कराचीच्या मोहिमेत त्याच जातीच्या 'किल्तान' आणि 'कच्छल' होत्या, म्हणून लोकांची गल्लत होते.

सोनारवाला :
ताई, मी नौदलात सोनारवर, म्हणजे पाण्याखालची पाणबुडी आवाजावरून शोधणाऱ्या यंत्रावर होतो. ७१ नंतर भरती झालो, पण नोकरीची सुरुवात 'पेत्या'वरच, म्हणजे कामोर्ताच्याच जातीच्या शिपवर. आवटीसाहेबांशी कधी गाठ पडली नाही, तेव्हा किस्से सांगणार नाही. कामाचं सांगतो.

आधी हुद्दा. ७१ साली ते अ‍ॅडमिरल नव्हते, कॅप्टन होते. नौदलाचा कॅप्टन लष्करातल्या कर्नलच्या बरोबरीचा. हे तिने नीट सांगावं, सातारा जिल्हा आहे, समोर एखादे फौजी आजोबा असणारच! कामोर्ताबरोबरच ३१ व्या पॅट्रोल व्हेसल स्क्वाड्रनची, म्हणजे गस्ती नौकांच्या तुकडीची जबाबदारीही त्यांच्यावर होती.

पूर्वेच्या ताफ्यात 'विक्रांत' होती. तिच्या एका बॉयलरला तडे गेलेले, पूर्ण वेग घेता येत नव्हता. विमानवाहू नौका सावकाश चालली की पाणबुडीला आयती शिकार. पाकिस्तानची पाणबुडी 'गाझी' तिच्याच मागावर आलेली. ३-४ डिसेंबरच्या रात्री गाझी विशाखापट्टणमजवळ बुडाली, पण ते पक्कं होईपर्यंत पाणबुडी आसपासच आहे असं धरून चालावं लागतं. विक्रांतच्या सी हॉक विमानांनी कॉक्स बाझार आणि चितगाववर केलेले हल्ले सगळ्यांना पाठ आहेत. त्या वेळी पाण्याखाली कान लावून बसणं हे कामोर्तासारख्या शिपचं काम.

ते सोपं नसतं. सोनार म्हणजे पाण्यात आवाज सोडायचा आणि परत येणारा एको, म्हणजे प्रतिध्वनी ऐकायचा. आपल्याकडे वरचं पाणी कोमट, खाली गार. त्या थरावर आवाज वाकतो. पाणबुडी थराखाली गेली की तुम्ही तिच्या डोक्यावरून गेलात तरी कळत नाही. उलट माशांचा थवा किंवा तळाशी पडलेलं जुनं जहाज असा एको देतं की छातीत धस्स व्हावं. ही शिपं रशियात, थंड समुद्राच्या हिशोबाने बांधलेली. आपल्या उन्हात आत नुसती भट्टी. वॉच, म्हणजे ड्युटीची पाळी संपली की बनियन पिळायचो आम्ही.

वीरचक्र यासाठी, की सुरुंग, पाणबुडी, विमानं हे सगळे धोके असताना त्यांनी आपल्या नौका शत्रूच्या पाण्यात पार आत नेल्या आणि शत्रूची जहाजं पकडली. समुद्राची वाट अशी बंद झाली म्हणून पूर्व पाकिस्तानातल्या फौजेला ना रसद मिळाली, ना निसटता आलं. १६ डिसेंबरच्या ढाक्यातल्या शरणागतीत या नाकेबंदीचा वाटा मोठा आहे. आगीचे लोळ दिसत नाहीत, म्हणून कुणी बोलत नाही, एवढंच.

दिवाडीकर :
गोव्यातून लिहितोय. 'सागर परिक्रमा' विसरू नका! भारतीयाने एकट्याने शिडाच्या होडीतून पृथ्वीप्रदक्षिणा करावी ही कल्पना आवटींचीच, तीही निवृत्तीनंतरची. 'म्हादेई' ही ५६ फुटी होडी आमच्या दिवाडी बेटावर रत्नाकर दांडेकरांच्या यार्डात बांधली. कमांडर दिलीप दोंदे १९ ऑगस्ट २००९ ला मुंबईहून निघाले, चार ठिकाणी थांबून १९ मे २०१० ला परत. पुढे २०१२-१३ मध्ये अभिलाष टॉमींनी त्याच होडीतून कुठेही न थांबता फेरी मारली.

रंकाळा७१ :
छान माहिती, पण प्रश्न युद्धाचा होता.

सोनारवाला :
प्रश्न माणसाचा आहे. १९८३ ला पश्चिम नौदल कमांडचे प्रमुख म्हणून निवृत्त झाले. एवढ्या मोठ्या पदावरून उतरलेला माणूस विंचुर्णीसारख्या गावात राहून, ऐंशीच्या घरात आल्यावर कुणीतरी एकट्याने जग फिरावं म्हणून दिल्लीच्या मागे लागतो, हे मला तरी वीरचक्राइतकंच भारी वाटतं. मी असतो तर दोन मिनिटं त्याला दिली असती.

फलटणची_आई :
सगळ्यांचे आभार. ती म्हणतेय सोनारचं आधी घेणार. कामोर्ताचा फोटो नेटवर मिळाला, तो तक्त्यावर लावतोय.

सोनारवाला :
थांबा! शोधलं की बहुतेक नवी कामोर्ता पुढे येते, कोलकात्यात बांधलेली, २०१४ साली नौदलात आली ती. जुनी तिच्यापेक्षा बरीच लहान. फोटोत मागे हेलिकॉप्टरचा डेक दिसत असेल, तर तो लावू नका.