कॅरिबियन संस्कृती सिनेमाने टिकते की नाही? राहवलं नाही म्हणून वेगळा धागा

माजघर: काल क्रिकेटच्या धाग्यावर 'सडेतोड' हे सदस्य लिहून गेले, "तिकडची संस्कृती कार्निव्हलने टिकवलीय, चार हौशी लोकांच्या महोत्सवी सिनेमांनी नाही." रात्रभर ते डोक्यात घोळत राहिलं. जमैकाचे दिग्दर्शक पेरी हेन्झेल यांचा 'द हार्डर दे कम' हा सिनेमा १९७२चा. त्यातली माणसं जमैकाच्या राजधानीतल्या, किंग्स्टनच्या रस्त्यावरची पात्वा, म्हणजे तिथली इंग्रजीमिश्रित बोली, बोलतात, इतकी अस्सल की अमेरिकेत खाली इंग्रजी ओळी द्याव्या लागल्या. मार्टिनिक बेटावरच्या दिग्दर्शिका युझान पाल्सीने १९८३ मध्ये आपल्या सिनेमात उसाच्या मळ्यावर राबणारी आजी आणि तिचा नातू दाखवला. कार्निव्हलमध्ये ती आजी कुठे दिसते?

सडेतोड: आणि पाहिला कुणी? सिनेमा जतन करतो म्हणता, आधी सिनेमाच जतन करावा लागतो! हेन्झेलच्याच दुसऱ्या सिनेमाची रिळं कितीतरी वर्षं हरवली होती. तो लोकांसमोर आला २००६ मध्ये, आणि त्याच वर्षी हेन्झेल गेले. कार्निव्हल दरवर्षी होतो, कुणाच्या रिळावाचून अडत नाही.

परतलेली: मी त्रिनिदादला चग्वानस गावात तीन वर्षं काढलीत. सिनेमाने तिथली भाषा टिकवली नाही, घालवली. १९३५ मध्ये मुंबईचा 'बाला जोबन' हा सिनेमा तिथे लागला, मग आपले सिनेमे येतच राहिले. पडद्यावरची हिंदी ती खरी, आणि पूर्वी मजूर म्हणून तिथे गेलेल्या भारतीयांच्या घरची भोजपुरी म्हणजे 'मोडकी हिंदी'. शेजारची म्हातारी स्वतःच्या बोलीला हेच म्हणायची.

बोरीबंदर: प्रत्येक गोष्टीचं खापर मुंबईवर! शाळा इंग्रजीत, नोकरी इंग्रजीत, मग भोजपुरी कोण बोलणार? उलट हिंदी गाण्यांमुळे निदान कानावर काहीतरी राहिलं.

परतलेली: कानावर राहिलं ते आपलं. त्यांचं गेलं. तुम्ही तिथे राहिलात का कधी?

बोरीबंदर: राहिलो नाही म्हणून बोलूच नये का? हद्द झाली.

माजघर: भांडू नका. परतलेली, त्या म्हातारीबद्दल सांगा ना.

परतलेली: तिथे वडिलांच्या आईला 'आजी'च म्हणतात. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला भरून आलं होतं. लग्नाआधी मटिकोर असतो. बायका वाजतगाजत जाऊन माती उकरून आणतात, चावट गाणी म्हणतात. त्यात सगळ्यांच्या पुढे ही शेजारची आजीच. एकदा बाहेरचे लोक मोठा कॅमेरा घेऊन आले आणि ती गप्प झाली, पदर ओढून बसली. मग नातीने काय केलं, सकाळी स्वयंपाकघरात डब्यांच्या मागे आपला छोटा कॅमेरा ठेवला, तिला सांगून. आजी दालपुरी लाटत होती. लाटता लाटता सुरू झाली ती अकरा गाणी म्हणूनच थांबली. हात पिठाने भरलेले, मध्येच एका ओळीवर अडली, लाटणं हवेत तसंच धरून राहिली, आठवली तेव्हा खुदकन हसली.

सडेतोड: नात घरची होती म्हणून गायली. एवढं मान्य करतो, याहून जास्त नाही. आणि ते चित्रण आहे कुठे आता?

परतलेली: नातीच्या लॅपटॉपमध्ये. मागच्या वर्षी आजी गेली. नंतरच्या मटिकोरला सुनांनी त्यावरूनच गाणी बसवली.

सडेतोड: एकाच लॅपटॉपमध्ये? तिला आजच फोन करा. दुसरी प्रत काढायला सांगा.