‘त्विषा’ हे नाव ठेवावे का?

अ-304 (बाळाची आई):
सर्वांना नमस्कार. आमच्या मुलीचे बारसे येत्या रविवारी सोसायटीच्या सभागृहात आहे. तिचा जन्म विशाखा नक्षत्राच्या पहिल्या चरणावरचा असल्यामुळे गुरुजींनी ‘ती’ हे अक्षर काढून दिले, आणि त्यावरून तिच्या आत्याने ‘त्विषा’ हे नाव सुचवले. मला ते फार आवडले. परंतु सासूबाईंना ऐकताक्षणी ‘द्वेष’ आठवला आणि तेव्हापासून त्या अस्वस्थ आहेत. नावांच्या संकेतस्थळांवर तेज, दुर्गा, दृढनिश्चयी असे निरनिराळे अर्थ दिसतात, पण ते कशावरून आले हे कुठेच दिलेले नाही. ब विंगमधील सरांनी आयुष्यभर संस्कृत शिकवले आहे, म्हणून त्यांनी याबाबत मार्गदर्शन करावे ही विनंती.

ब-102 (निवृत्त संस्कृत शिक्षक):
ताई, नाव निर्दोष आहे, हे आधी सांगतो, म्हणजे घरातल्या मंडळींचा जीव भांड्यात पडेल. संस्कृतमध्ये ‘त्विष्’ हा धातू, म्हणजे क्रियापदाचे मूळ रूप, आहे आणि धातुपाठात, म्हणजे अशा धातूंच्या जुन्या यादीत, त्याचा अर्थ ‘दीप्तौ’, म्हणजे झळकणे, असा दिला आहे. त्याच रूपाचे स्त्रीलिंगी नाम तेज किंवा कांती या अर्थाने येते. अमरकोश या समानार्थी शब्दांच्या जुन्या संस्कृत कोशात प्रभा, छवी, द्युती, दीप्ती या शब्दांच्या पंक्तीत ‘त्विट्’ या रूपाने ते आहे, आणि सूर्याच्या नावांत ‘त्विषांपती’, म्हणजे तेजांचा स्वामी, हेही एक नाव आहे. ‘द्वेष’ हा शब्द ज्यापासून झाला तो ‘द्विष्’ धातू निराळा असून त्याचा अर्थ ‘अप्रीतौ’, म्हणजे नावडणे, असा दिला आहे. या दोन धातूंत कानाला जाणवणारे साम्य आहे, नाते मात्र नाही.

‘त्विष्’ची ‘त्विषा’ होणे हीदेखील आजकालची मोडतोड नव्हे. भागुरी नावाच्या प्राचीन वैयाकरणाचे एक मत व्याकरणपरंपरेने जपून ठेवले आहे, त्यानुसार व्यंजनान्त स्त्रीलिंगी शब्दांना ‘आ’ जोडता येतो, आणि मग वाच्‌ची वाचा, निश्‌ची निशा, दिश्‌ची दिशा होते. ज्यांना ‘निशा’ आणि ‘दिशा’ ही मुलींची नावे चालतात, त्यांना ‘त्विषा’ व्याकरणाच्या दृष्टीने परकी वाटण्याचे काही कारण नाही. एवढे मात्र ध्यानात ठेवावे की ‘त्विषा’ हे तृतीयेचे एकवचनही आहे, म्हणजे ‘तेजाने’. त्यामुळे जुन्या श्लोकात हे रूप दिसले की तिथे कोणाचे नावच आले आहे असे समजू नये.

या शब्दाचा मला सर्वांत प्रिय असलेला उपयोग माघ या संस्कृत कवीच्या ‘शिशुपालवध’ या महाकाव्याच्या अगदी आरंभी आहे. नारदमुनी आकाशातून उतरत आहेत आणि श्रीकृष्ण खालून पाहत आहे. प्रथम त्याला फक्त ‘चयस्त्विषाम्’, म्हणजे तेजाचा पुंज, दिसतो. थोडे जवळ आल्यावर तो देहधारी आहे हे कळते. मग अवयव वेगळे दिसू लागतात तेव्हा तो पुरुष आहे हे लक्षात येते. आणि शेवटी हे नारद आहेत अशी ओळख पटते. दुरून येणाऱ्या माणसाला आपली दृष्टी टप्प्याटप्प्याने कशी ओळखते, हे इतक्या नेमकेपणाने सांगणारा श्लोक मी वर्गात दर वर्षी अधिक आनंदाने शिकवला. त्या ओळखीच्या पहिल्याच पायरीवर हा शब्द उभा आहे.

क-201:
सर, फार छान माहिती दिलीत. माझ्या भाचीचे नाव कियारा आहे आणि त्याचाही अर्थ तेजस्वी असाच सांगतात. तेही संस्कृतच समजावे का?

ब-102:
नाही, ते इटालियन आहे. त्याचे मूळ लॅटिनमधील ‘क्लारुस’ या शब्दात असून त्याचा अर्थ स्वच्छ, उजळ असा होतो. असिसीच्या तेराव्या शतकातील संत क्लारा यांचे इटालियन नाव हेच. नाव सुंदर आहे. त्याला ओढूनताणून संस्कृत ठरवण्याची आवश्यकता नाही.

अ-304 (आजींच्या सांगण्यावरून):
सर, आमच्या आई विचारत आहेत की अर्थ पटला, पण उद्या शाळेत मुलांनी ‘द्वेषा’ म्हणून चिडवले तर काय करायचे? शिवाय आमच्या घरात आजवर सिद्धाराम, सिद्धव्वा अशीच नावे ठेवली गेली. या नावात देवाचा काही संबंध आहे का?

ब-102:
आजी, तुमची शंका रास्त आहे, कारण त आणि द यांचे उच्चार जवळचे आहेत. पण आपल्या मराठीत याच धातूचा एक शब्द सर्वांच्या तोंडी आहे, तो म्हणजे ‘त्वेष’. मावळे त्वेषाने लढले, असे आपण म्हणतो, तेव्हा त्यात धगधगते तेज असते, कोणाविषयी वैर असतेच असे नाही. देवाचे म्हणाल, तर ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातील 114व्या सूक्तात रुद्राला ‘त्वेष’ हेच विशेषण लावून रक्षणासाठी बोलावले आहे. सिद्धरामेश्वरांच्या सोलापुरात जन्मलेल्या मुलीला शंकराच्या विशेषणाचे सख्खे भावंड असलेले नाव लाभावे, यात मला औचित्य दिसते. तरीही मन धजत नसेल, तर शास्त्रात नाक्षत्रनाम, म्हणजे जन्मनक्षत्रावरून ठेवलेले नाव, आणि व्यावहारिक नाम, म्हणजे रोजच्या वापराचे नाव, वेगवेगळी ठेवण्याची मुभा आहे. अक्षराचे बंधन फक्त पहिल्याला असते, दुसरे घराच्या आवडीने ठेवावे.

ब-305:
आमच्या घरी तेलुगू बोलली जाते, म्हणून एक व्यावहारिक गोष्ट सुचवते. आमच्याकडे ‘त’ रोमन लिपीत टी आणि एच अशा दोन अक्षरांनी लिहिण्याची पद्धत आहे, तुमच्याकडे नुसत्या टीने. पुढचा ‘व’ कोणी व्हीने लिहील, कोणी डब्ल्यूने. जन्मदाखला, आधार आणि पासपोर्ट यांवर वेगवेगळी स्पेलिंग पडली, तर पुढे मुलीलाच त्रास होईल.

ब-102:
अगदी योग्य सूचना. माझे मत टी आणि व्हीच्या बाजूने आहे, कारण टी-डब्ल्यू दिसले की लोक ‘ट्विशा’ असे वाचतात. रोमनमध्ये श आणि ष यांना एकच एस-एच असल्यामुळे अर्जावर देवनागरीत ‘षटकोनातला ष’ स्पष्ट लिहावा, नाहीतर ‘त्विशा’ छापले जाईल आणि त्विष् धातूशी असलेला संबंध तुटेल.

क-201:
महापालिकेत नाव लगेच द्यावे लागते का?

अ-304 (बाळाचे बाबा):
जन्माची नोंद 21 दिवसांत व्हावी लागते आणि ती रुग्णालयातून झालेली आहे. नाव मागाहून घालता येते. नोंदणीपासून 12 महिन्यांपर्यंत त्याला शुल्क नाही. मात्र 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मतारखेचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच धरला जातो, म्हणून आम्ही बारशानंतर लगेच अर्ज देणार आहोत.

अ-304 (बाळाची आई):
सर, सासूबाईंनी रुद्राचे सूक्त त्यांच्या वहीत उतरवून मागितले आहे आणि नावाला संमती दिली आहे. व्यावहारिक नावही ‘त्विषा’च राहील. अर्ज भरण्यापूर्वी देवनागरी आणि रोमन अशी दोन्ही रूपे तुम्हाला दाखवायला मी उद्या संध्याकाळी येते.