मदत हवी आहे: डॅगनमच्या कामगारांनी बीएनपीला मतं का दिली, हे लिहू कसं?

मंडळी,

लंडनच्या पूर्व टोकाच्या बार्किंग-डॅगनमवर मोठा लेख लिहितेय. २००६ च्या कौन्सिल निवडणुकीत तिथे ब्रिटिश नॅशनल पार्टीचे, म्हणजे बीएनपीचे, ५१ पैकी १२ नगरसेवक निवडून आले. मजूर पक्षाच्या बालेकिल्ल्यात एक अतिउजवा पक्ष मुख्य विरोधक झाला! पहिल्या मसुद्यावर संपादकांचा शेरा होता, 'तुम्ही कामगारांना बिनडोक ठरवताय.' दुसऱ्यावर, 'तुम्ही वर्णद्वेष्ट्यांची वकिली करताय.' तिसरा लिहायचं धाडस होत नाहीये.

घोडं अडलंय घरांपाशी. बेकंट्री ही तिथली कौन्सिलच्या, म्हणजे पालिकेच्या भाड्याच्या, घरांची अवाढव्य वसाहत, २५ हजारांहून जास्त घरं. जवळच फोर्डचा कारखाना. बाप फोर्डमध्ये, घर कौन्सिलचं, आणि लग्न झालं की पोरानेही तिथेच घर मागायचं, असा हिशोब. १९८० च्या कायद्याने भाडेकरूला राहतं घर सवलतीत विकत घ्यायचा हक्क मिळाला (लोकांनी तो खुशीने वापरला, बरं का). विकलेल्या घरांच्या बदल्यात नवी फारशी बांधली गेली नाहीत. २००२ मध्ये फोर्डने तिथली मोटारींची जुळणी थांबवली, इंजिनं तेवढी राहिली. एकदा विकलेली घरं पुन्हा विकली गेली, काही भाड्याने लागली. लंडनच्या मानाने स्वस्त, म्हणून शहराच्या आतल्या भागातून कुटुंबं आली, त्यांत आफ्रिकन बरीच. आली ती स्वतःच्या पैशाने. पण समोरच्या म्हाताऱ्याला दिसतं ते एवढंच: कौन्सिलचं घर, त्यात नवीन माणूस, आणि आपला नातू अजून प्रतीक्षा यादीत.

बीएनपीने इथेच पाचर मारली. 'आफ्रिकन्स फॉर एसेक्स' नावाचं पत्रक वाटलं. आफ्रिकन कुटुंबांना इथे घर घ्यायला ५० हजार पौंड गुपचूप दिले जातात, असा त्यात दावा. धादांत खोटा.

अफवा खोटी, यादी खरी. यादी आधी सांगितली तर वकिली वाटते, अफवा आधी सांगितली तर माणसं बावळट दिसतात. क्रम कसा लावू?

टिपणवही: क्रमाचं नंतर बघू. 'कामगारांनी मतं दिली' हे कशावरून? वॉर्डाचा निकाल म्हणजे प्रत्येक घरातलं मत नव्हे. कित्येक जण मतदानालाच गेले नसतील. आणि त्या 'नवीन माणसा'च्या घरातली नर्स, बसचालक हे कामगार नाहीत का? तुमच्या मसुद्यात कामगार म्हणजे गोरा कामगार, असं न सांगताच ठरून गेलंय. बीएनपीचंही तेच म्हणणं होतं.

आडवाट: टिपणवहींशी सहमत. २०१० चा निकाल लेखात कुठे आहे? बीएनपीच्या बाराही जागा गेल्या, मजूर पक्षाला ५१ पैकी ५१. त्याच दिवशी संसदेसाठी बार्किंगमधून उभे असलेले पक्षप्रमुख निक ग्रिफिन १४.६ टक्के मतं घेऊन तिसरे आले. चार वर्षांत घरांची यादी काही संपली नव्हती. मग बदललं काय? सार्वत्रिक निवडणुकीमुळे मतदान वाढलं आणि विरोधातले कार्यकर्ते दारोदार फिरले. पूर्व लंडनमधल्याच मिलवॉल वॉर्डाचं पण बघा. १९९३ च्या पोटनिवडणुकीत तिथे बीएनपीचा माणूस ७ मतांनी निवडून आला. १९९४ मध्ये त्याला आधीपेक्षा जास्त मतं पडली तरी तो हरला, कारण बाकीचे घराबाहेर पडले.

पारिजात: एप्रिल २००६ विसरू नका. बार्किंगच्या खासदार मार्गारेट हॉज तेव्हा म्हणाल्या होत्या की दहातल्या आठ गोऱ्या कुटुंबांना बीएनपीला मत द्यायचा मोह होतोय. फुकटची जाहिरात झाली, अशी ओरड त्यांच्याच पक्षातून झाली. म्हणून पत्रकाराने 'आठ' लिहिताना जरा जपून :)

धागाकर्ती: टिपणवही, लागलं, पण बरोबर आहे. 'कामगार' शब्द शोधून पाहिला, २३ वेळा आलाय आणि एकदाही नर्ससाठी नाही. आडवाट, २०१० मी शेवटच्या परिच्छेदात कोंबलं होतं, ते आता सुरुवातीला घेते: १२ जागा आल्या, १२ गेल्या, घरं तेवढीच. मग बेकंट्री, मग पत्रक. मिलवॉलला आधी कोण घरी बसलं होतं, यावर कोणाकडे वाचण्यासारखं काही आहे का? व्यनि केलात तरी चालेल.