धरणीमाते, पोटात घे गं! (आपापल्या फजित्या लिहा)

शेवग्याची शेंग
सकाळी ऑफिसचा कॉल संपवताना मी चक्क म्हणाले, "चल ठेवते, डबा खा वेळेवर." कॉलवर अकरा माणसं. क्षणभर शांतता, मग पुण्याच्या ऑफिसातले एक गृहस्थ म्हणाले, "हो मॅडम, खातो." कॅमेरा बंद केला तरी कान तापलेलेच. आणि लगेच आठवली चौथी ब. बाईंना हाक मारायला गेले आणि तोंडातून निघालं "आई!" दहावीपर्यंत त्या बाईंची मुलगी म्हणून चिडवायचे मला. अजून आठवलं की पोटात गोळा येतो. तुमचंही येऊ द्या.

डबलफास्ट
हो मॅडम खातो 😂😂 सत्कार करा त्यांचा.
मी एसी लोकलमध्ये. साध्या लोकलची सवय, अंधेरीला उतरणाऱ्यांना वाट द्यायला खाली उतरलो. दार बंद! बॅग रॅकवर, गाडी चालली बोरिवलीला. काचेतून सगळा डबा माझ्याकडे बघतोय, आणि मी टाटा केला. का केला, देव जाणे.

कुर्ला_कल्याण
दादरला एका आजोबांना छातीठोकपणे सांगितलं, "एक नंबरवर जा, तिथे मिळेल ठाणा स्लो." डिसेंबर 2023 मध्ये मध्य रेल्वेचे नंबर बदलले, जुना 1 आता 8, हे डोक्यातूनच गेलेलं. आजोबा जाऊन पोचले पश्चिम रेल्वेवर. हाशहुश करत परत आले, मी वडापाव खात तिथेच उभा. म्हणाले, "बाळा, मुंबईत नवीन का?" अहो, जन्म केईएमचा माझा!

शेवग्याची शेंग
गाडी मिळाली का पण त्यांना?

कुर्ला_कल्याण
मिळाली. बसायलाही मिळालं, खोटं वाटेल.

अर्धा कटिंग
मानसशास्त्र शिकवते म्हणून थोडा चोंबडेपणा. 2000 साली गिलोविच आणि मंडळींनी अमेरिकेत एक प्रयोग छापला होता. घालायला लाज वाटेल अशा गायकाचा टीशर्ट घालून विद्यार्थ्यांना इतरांनी भरलेल्या खोलीत पाठवलं. त्यांचा अंदाज, जवळजवळ निम्म्या लोकांनी पाहिला असेल. प्रत्यक्षात साधारण चौथ्या हिश्श्याच्याच लक्षात आला.
वर्गात हे ऐटीत सांगते. गेल्या महिन्यात उलटा कुर्ता घालून लेक्चरला गेले, लेबल बाहेर, तेव्हा गिलोविच नाही आठवले, ओढणी आठवली. आलेच, कुकर.

साचेखाता
हसण्यातलं नाही, चालेल का. 18 जानेवारी 1982 ला गिरण्यांचा संप सुरू झाला तेव्हा मी सातवीत. वडील साचेखात्यात, म्हणजे कापड विणायच्या खात्यात. पगार बंद. पुढच्या वर्षी ते करी रोडला केळ्यांची हातगाडी लावायला लागले, नेमकी माझ्या शाळेच्या वाटेवर. एकदा मित्रांसोबत येताना त्यांनी मला बघितलं, मी त्यांना, आणि मी मान वळवली. बरोबरच्या एकाने दोन केळी घेतली. वडिलांनी त्याला सुटे परत दिले, माझ्याकडे वर बघितलंही नाही. दुसऱ्या दिवसापासून गाडी चिंचपोकळीला. आईने विचारलं तर म्हणाले, "तिकडे धंदा बरा आहे." नव्हता. फळं उरून घरी यायची, रात्री आम्ही तीच खायचो. 2009 ला गेले. हा विषय कधी निघाला नाही, ना मी काढला.

कुर्ला_कल्याण
काका 🙏

अर्धा कटिंग
दादा, बारा-तेरा वर्षांचं पोर होतात हो तुम्ही. माझे बाबाही गिरणीतलेच, शिवडीला. सवडीने लिहीन.

साचेखाता
लिहा ताई. कुठली गिरणी?

शेवग्याची शेंग
काका, तुमचं वाचून जिन्यात जाऊन उभी राहिले थोडा वेळ.
आणि त्या पुण्याच्या गृहस्थांचा आत्ता मेसेज आला: "डबा खाल्ला. भेंडी होती." 🙈
डबलफास्ट, बॅगेचं काय झालं ते सांगितलंच नाहीस.

डबलफास्ट
बोरिवलीला मिळाली. डबा रिकामा. कोणीतरी वेळेवर खाल्ला.