पोथीतला ताणा कशाला बांधला आहे?

सृष्टीला विणलेल्या वस्त्राची उपमा देणारी एक काल्पनिक प्राचीन पोथी कशी रचावी, या चर्चेत उभे धागे म्हणजे काळ आणि आडवे धागे म्हणजे कर्म, आणि पोथी कागदावर मोडी लिपीत, अशी मांडणी सुचवली गेली आहे; धाग्यांची ही कल्पना आकर्षक असली तरी मला अपुरी वाटते, कारण हे धागे मुळात कशाला ताणून बांधले आहेत, हा प्रश्न तिने सोडूनच दिला आहे. बृहदारण्यकोपनिषदात विदुषी गार्गी याज्ञवल्क्य ऋषींना नेमके हेच विचारते. हे सर्व जलात ओतप्रोत, म्हणजे उभ्या-आडव्या धाग्यांसारखे विणलेले असेल, तर जल कशात? एकेक लोक ओलांडत ती ब्रह्मलोकापर्यंत पोहोचते, तेव्हा याज्ञवल्क्य तिला थांबवतात. पुढे ती पुन्हा उभी राहते, तेव्हा मात्र त्यांना ‘अक्षर’, म्हणजे अविनाशी तत्त्व, हे उत्तर द्यावे लागते.

दुसरे असे की, आपल्या बेळगावातील शहापूर-वडगावच्या मागांवर ताणा (उभे धागे) आधीच खळ देऊन पूर्ण लावलेला असतो आणि बाणा (आडवे धागे) धोट्याच्या, म्हणजे आडवा धागा नेणाऱ्या नळीच्या, प्रत्येक फेरीबरोबर एकेक धाग्याने भरत जातो. म्हणून माग जाणणाऱ्या कर्त्याने काळ आडव्या धाग्यात घातला असता आणि उभ्यात सृष्टीचे नियम.

पोथी प्राचीन म्हणायची आणि कागदावर मोडीत लिहिलेली दाखवायची, हेही जुळत नाही. ती ताडपत्रावर लोखंडी लेखणीने कोरलेली असावी, आणि लिपी जुनी कन्नड असली तर आपण सीमाभागातल्या मराठी वाचकांनी रुसू नये. भाषा मात्र संस्कृत ठेवावी. खानापूर तालुक्यातील हलशीला सापडलेले कदंब राजांचे ताम्रपटही संस्कृतातच आहेत.