पहिल्या महायुद्धातील खंदक आणि मराठी सैनिक

प्रश्न (माणदेशी)

पश्चिम महाराष्ट्रातील अनेक गावांत चावडीच्या किंवा शाळेच्या भिंतीत बसवलेली जुनी पाटी आढळते. १९१४ ते १९१९ च्या महायुद्धावर या गावातून इतके लोक गेले आणि त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले, एवढाच मजकूर तीवर असतो. नाव एकाचेही नसते. खंदकांतील लढाईविषयी मराठीत जे वाचायला मिळते ते बहुतेक फ्रान्स आणि बेल्जियमच्या आघाडीचे असते. आपल्याकडचे सैनिक त्या खंदकांत खरोखर होते काय? आणि दिवसचे दिवस खंदकात काढणे म्हणजे काय, हे त्यांच्याच शब्दांत कोठे उपलब्ध आहे काय?

प्रतिसाद १ (खडकीकर)

फ्रान्समध्ये होते, परंतु थोडे. सप्टेंबर १९१४ च्या अखेरीपासून मार्सेय बंदरात उतरू लागलेल्या लाहोर आणि मीरत या दोन डिव्हिजनांत पंजाबी, पठाण, गढवाली आणि गुरखा सैनिकांचाच भरणा होता. आपला संबंध मुख्यतः येतो तो खडकीच्या बॉम्बे सॅपर्सच्या, म्हणजे खंदक-सुरुंगांची कामे करणाऱ्या लष्करी अभियंत्यांच्या, विसाव्या आणि एकविसाव्या कंपनीमुळे. या दलात मराठे, शीख आणि मुसलमान एकत्र असत. जर्मनांनी घेतलेले उत्तर फ्रान्समधील नव्ह शापेल हे गाव परत मिळवण्यासाठी २८ ऑक्टोबर १९१४ रोजी या दोन कंपन्यांना ४७ व्या शीख पलटणीबरोबर थेट पायदळासारखे पुढे धाडण्यात आले. उघड्या शेतांतून ते गावात शिरले, घराघरांतून झुंजले आणि कुमक न आल्याने मागे रेटले गेले. त्यांचे जवळजवळ सगळे ब्रिटिश अधिकारी त्या एका दिवसात मारले गेले किंवा जखमी झाले. खंदक, काटेरी तारा आणि सुरुंग यांतली जाणकार माणसे, त्यांची सर्वाधिक गरज लागणार होती त्या हिवाळ्याच्या तोंडावर अशी खर्ची घालणे, हा मला त्या मोसमातला अत्यंत अविचारी निर्णय वाटतो.

खंदकांविषयी सांगायचे तर त्या भागातील जमीन सपाट आणि चिकणमातीची. दोन-तीन फूट खणले की पाणी लागे. त्यामुळे पुष्कळ ठिकाणी खंदक म्हणजे माती आणि वाळूची पोती रचून जमिनीवर उभारलेली भिंतच असे. ही ओळ कधी सरळ नसे. थोड्या थोड्या अंतरावर ती काटकोनात वळवलेली असे, म्हणजे एका टप्प्यात तोफगोळा पडला तर त्याच्या ठिकऱ्या शेजारच्या टप्प्यात जात नसत आणि आत घुसलेल्या शत्रूला सबंध ओळ टिपता येत नसे. पहाटे आणि तिन्हीसांजेला हल्ल्याची भीती अधिक, म्हणून त्या दोन्ही वेळी सर्वांनी संगिनी चढवून उभे राहायचे. दिवसा डोके वर काढायचे नाही. खणणे, तारा बांधणे, शिधा आणि दारूगोळा वाहून आणणे ही सारी कामे रात्रीची. थंड पाण्यात सतत उभे राहून पाय सुजत, बधिर होत आणि वेळेवर लक्ष न दिल्यास सडत. त्यावर उपाय म्हणजे व्हेलचे तेल चोळणे आणि कोरडे मोजे, तेही मिळाले तर. हातबाँबचा तुटवडा असल्यामुळे जॅमच्या रिकाम्या डब्यांत स्फोटक आणि लोखंडाचे तुकडे ठासून, वात लावून ते जागेवरच तयार केले जात.

प्रतिसाद २ (बखरवाचक)

वरील माहिती योग्य आहे, परंतु प्रश्नातील पाट्यांवरची माणसे बहुतांशी फ्रान्सला गेलीच नाहीत. १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी सहाव्या पूना डिव्हिजनबरोबर मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, होत्या. बगदादजवळच्या टेसिफोनच्या लढाईनंतर माघार घेत हे सैन्य ३ डिसेंबर १९१५ रोजी टायग्रिसच्या वळणातील कुत-अल-अमारा येथे पोहोचले आणि ७ डिसेंबरपर्यंत तुर्कांचा वेढा पूर्ण झाला. थकलेल्या माणसांनी त्या चार दिवसांत कुदळ-फावडे हाती घेऊन वळणाच्या तोंडावर, नदीपासून नदीपर्यंत, खंदक खणले. खंदकयुद्ध येथेही तेच होते: समोरून तुर्क रोज थोडे थोडे चर खणत जवळ येत आणि उघड्यावर दिसेल तो टिपला जाई. फरक एवढाच की फ्रान्समध्ये काही दिवसांनी पलटण मागच्या गावात विश्रांतीला जाई. कुतमध्ये मागे जायला जागाच नव्हती. जानेवारी १९१६ मध्ये टायग्रिसला पूर आला, पुढची ओळ पाण्याखाली गेली आणि सैन्याला मधल्या ओळीवर यावे लागले. तुर्कांचे खंदकही भरले, तेव्हा ते उघड्यावर आले आणि गोळीबारात सापडले.

'पूना' या नावावरून सारे सैन्य मराठी होते असे मात्र समजू नये. त्यात ब्रिटिश, पंजाबी, राजपूत आणि गुरखा पलटणीही होत्या.

माणदेशी

आभारी आहे. वेढ्यात घोड्याचे मांस खावे लागले असे ऐकले होते. आपल्या लोकांनी ते खाल्ले काय?

प्रतिसाद ३ (बखरवाचक)

अनेकांनी दीर्घकाळ नाकारले. हिंदुस्थानातील धर्मगुरूंची संमती तारेने मागवण्यात आली, तरीही गावी परतल्यावर जातीत घेतील काय, हा प्रश्न शिपायाला धर्मगुरूंच्या तारेपेक्षा मोठा वाटत असावा, आणि ते मला अगदी समजण्यासारखे वाटते. परिणाम असा की भाजीपाला व मांस दोन्ही नसल्याने हिंदी सैनिकांत स्कर्व्ही पसरला. हिरड्या सुजत आणि किरकोळ जखमाही भरून येत नसत. रानातला मिळेल तो पाला ते शिजवून खात. एप्रिलमध्ये, शिधा मुठीवर आला तेव्हा, बहुतेकांनी मांस स्वीकारले. सुटकेसाठी आलेल्या फौजेचे सुमारे २३,००० सैनिक मृत वा जखमी होऊनही वेढा फुटला नाही आणि २९ एप्रिल १९१६ रोजी कुत शरण गेले. त्यानंतरच्या बंदिवासात मेलेल्यांची गोष्ट वेगळी आणि अधिक भीषण आहे.

प्रतिसाद ४ (दप्तरी)

खंदकातले जीवन सैनिकांच्याच शब्दांत कोठे मिळते, या मूळच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर निराशाजनक आहे. फ्रान्समधील हिंदी सैनिकांची पत्रे तपासण्यासाठी लष्कराने टपाल तपासनीसाचे कार्यालय उघडले होते, आणि त्याने काढलेले उतारे लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहेत. मात्र ते इंग्रजी भाषांतराच्या रूपात आहेत, आणि त्यांत मराठी पत्रे तुरळक. ही पत्रे वाचतानाही सावध राहावे, कारण अनेक शिपायांना लिहिता येत नसे. ते लेखनिकाकडून पत्र लिहून घेत, गावात ते चारचौघांत वाचले जाई, आणि पत्र तपासले जाते हेही त्यांना ठाऊक होते. म्हणून कोणी हिंदी सैनिकांना काळी मिरी आणि गोऱ्यांना लाल मिरची म्हणून साठा कितपत उरला ते कळवी. मला तर ही आडवळणाची वाक्येच सर्वांत विश्वसनीय वाटतात. कुतमधून वेढ्याच्या काळात शिपायाचे पत्र बाहेर जाण्याचा मार्गच नव्हता. बाहेर जात होते ते सेनापतीचे बिनतारी संदेश.