कोणी १२ तारखेच्या आत मुंबईला जातंय का? (कागद आहेत, खाऊ नाही)

नाना:
मंडळी, एक पाकीट न्यायचंय. मुखत्यारपत्राची मूळ प्रत आहे. १४ला कोर्टात तारीख आहे, वकील म्हणतात झेरॉक्स चालणार नाही. धाकट्या भावाने वडिलांच्या पार्ल्याच्या घराचा इसार घेतलाय, मी वाटणीचा दावा लावलाय. विक्रीला एकतर्फी मनाई (समोरच्याला न ऐकता दिलेला कोर्टाचा हुकूम) मिळाली, पण ती पुढच्या तारखेपर्यंतच. कुरियरने पाठवणार नाही, का ते सगळ्यांना ठाऊक आहे.

वहिनी:
आमचे हे ९ला निघतायत. पण पाकीट उघडं द्या. मागे ‘फक्त कागद’ म्हणून दिलेल्या पिशवीत अडीच किलो बदाम निघाले होते.

सचिव:
कृपया घरगुती वाद इथे नकोत. तसा ठराव झालेला आहे.

आप्पा:
ठराव झाल्यावर तुमच्या जुन्या सोफ्याची जाहिरात इथेच वाचली. असो. नाना, पत्र नुसतं नोटरीकडून केलंय की अपॉस्टीलसुद्धा (कागद दुसऱ्या देशात चालावा म्हणून लागणारा सरकारी दाखला)? आणि ते तिकडे महाराष्ट्रात पोचल्यापासून ३ महिन्यांत त्यावर महाराष्ट्राचं मुद्रांक शुल्क भरावं लागतं. आमचं राहिलं होतं, दंड बसला.

नाना:
अपॉस्टील झालंय. पण वकिलांचा मुन्शी म्हणतो भारतीय वकिलातीचा शिक्काच हवा.

आप्पा:
मुन्श्याचं ऐकू नका. भारत २००५पासून अपॉस्टील करारात आहे. वकिलांनाच विचारा.

तात्या:
शिक्क्यावरून भांडताय आणि खरा धोका बाजूला राहिला. दावा लागला की घर आपोआप अडकतं, असा समज आहे. मुंबईत तसं नाही. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ इथे १९३९च्या दुरुस्तीसह लागतं: प्रलंबित दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवली, तरच नंतर घेणारा दाव्याच्या निकालाला बांधील. तीही विक्री थांबवत नाही. थांबवायची तर मनाईच, दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३९. हुकूम मोडला तर मालमत्ता जप्त होऊ शकते, ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. पण त्यासाठी हुकूम धाकट्याला कळला होता हे दाखवावं लागतं. नाना, बजावणी झालीय का, म्हणजे हुकूम त्याच्या हातात रीतसर पोचलाय का? एकतर्फी मनाई घेतली की अर्जाची प्रत, प्रतिज्ञापत्र, दाव्याची प्रत, सगळं समोरच्याला लगेच पाठवायचं असतं. आणि इसार देणाऱ्याला पक्षकार केलंय का?

नाना:
वकील बघतायत. अर्ज ३० दिवसांत निकाली काढायचा म्हणे, ही आमची तिसरी तारीख.

तात्या:
‘बघतायत’ हे उत्तर नाही. नोटीस नोंदवली का ते विचारा, आजच.

मावशी:
मला वेगळंच विचारायचंय. ताईंना दाव्यात घेतलंय ना? २००५च्या हिंदू वारसा कायद्याच्या दुरुस्तीने मुलींना हिस्सा आहे, आमच्या चिपळूणच्या जमिनीत हेच झालं. भाऊ म्हणाले बहिणी काही मागत नाहीत, आणि आठ वर्षं गेली.

आप्पा:
मावशी, २००५ची दुरुस्ती वडिलोपार्जित इस्टेटीची. महाराष्ट्रात तर १९९४लाच आली होती. नानांच्या वडिलांनी घर स्वतः बांधलं आणि मृत्युपत्र न करता गेले, म्हणजे १९५६पासूनच मुलीचा वाटा मुलाइतका.

मावशी:
म्हणजे माझंच बरोबर.

नाना:
ताईने हक्क सोडते म्हणून सांगितलंय.

तात्या:
तोंडी? हक्कसोडपत्र नोंदलेलंच लागतं. वाटणीच्या दाव्यात एक हिस्सेदार बाहेर राहिला तर समोरचा वकील पहिलं बोट तिथेच ठेवेल. मनाई मागताना प्रथमदर्शनी हक्क दाखवायचा असतो. बहिणीलाच वगळलंत तर कोर्टापुढे कसा दाखवणार?

ताई (कॅलगरी):
नाना, मी दोन वर्षं या यादीवर आहे. मी ‘बघू’ म्हणाले होते. ‘सोडते’ नाही.

सचिव:
आता तरी हे फोनवर बोला.

वहिनी:
नाना, रविवारी शाळा सुटताना पाकीट आणा. ताईंचीही सही लागणार असेल तर तेवढं आधी ठरवा, ९च्या पुढे आमचं तिकीट हलत नाही.

आणखी एक सभासद:
गणपतीच्या वर्गणीची लिंक कुणाला उघडतेय का?